पळसाची फुलं सोड, बाकीचं झाड बघायला ये

प्रिय बये,

पळस फुलला की बोलाव, फोटो काढायला येते असं म्हणालीस ना, तर ये पण एप्रिलमध्ये ये. तेव्हा फुलं गळून नवी पानं फुटलेली असतात आणि खरं काम तेव्हा सुरू होतं.

मामीला या पानांची पत्रावळ लावताना बघ एकदा. मधे एक मोठं पान, भोवती पानावर पान चढवत जायचं, गुळगुळीत बाजू वर, आणि बांबूच्या चोयीने, म्हणजे बारीक काडीने, टाचायचं. चोय अशी घालते की टोक वर येतच नाही, नाहीतर जेवताना बोटात घुसेल. आणि आमटी वाढली तरी खाली थेंब नाही! सुकवलेल्या पानांचे गठ्ठे ठेवलेले असतात, लावायच्या आधी त्यांवर पाणी शिंपडतात म्हणजे ती मऊ पडतात. हल्ली मशीनवर दाबलेल्या पत्रावळी मिळतात, त्या चांगल्याच आहेत, प्लास्टिकपेक्षा तर हजारपट, पण हाताने लावलेल्या पत्रावळीला गावातच दोन-चार रुपये द्यायला लोक का कुरकुरतात तेच कळत नाही मला.

मुळांचं तर तुला माहीतच नसेल. ती ठेचली की वाख, म्हणजे चिवट धागे, निघतो, त्याची दोरी वळतात. सालीच्या आतल्या वाखाने पूर्वी होड्यांच्या फटीसुद्धा बुजवायचे. सालीला खाच पडली की लालसर डिंक येतो, बाळंतिणीच्या लाडवात आपण कमरकस घालतो ना, तोच. शिवाय लाखेचे किडे पळसावर वाढतात, बोरीवर आणि कुसुमाच्या (कोशिंबाच्या) झाडावर पण.

फुलांचं काहीच नाही असं नाही हं. उकळली की मस्त पिवळा-केशरी रंग उतरतो, चिमूटभर सोडा टाकला की तोच गडद होतो. सुती कापड आधी हिरड्याच्या पाण्यात, मग तुरटीत बुडवून घेतलं तर रंग बरा धरतो. तरी उन्हात फिका होतोच, म्हणून साडीसाठी हा रंग वापरायच्या मी फारशी बाजूची नाही. रंगपंचमीला मात्र याच्यासारखा दुसरा नाही.

फुलं वाळवून ठेवलीत तुझ्यासाठी, एक जुना पांढरा दुपट्टा घेऊन ये, करून बघू. तुरटी इथे आहे, हिरडा पण. मामीने सांगितलंय की टाचायला बसणार असशील तर नखं कापून यायचं.

तुझीच,
मी