तांदळातलं घर

गंगापूर रोड, नाशिक

प्रिय दोस्ता,

तुझा फोन आला तेव्हा देवळाली कॅम्पातून परतत होतो, म्हणून तुटक बोललो. आता नीट लिहितो.

गेले तीन महिने मी माहितीपटासाठी त्या सिंधी अम्मांकडे जातोय. १९४८च्या जानेवारीत कराचीत दंगल झाली, त्यानंतर त्यांच्या घरच्यांनी हैदराबाद सिंध सोडलं. कराचीहून बोटीने मुंबई, तिथून देवळालीची निर्वासित छावणी. अम्मा तेव्हा आठ वर्षांच्या. काही विचारलं की ठरलेलं उत्तर येतं: बाबांनी कुलूप लावलं, बोटीत बसलो, इथे आलो. पाढे म्हणावेत तसं.

परवा मी प्रश्नच विचारले नाहीत. त्या तांदूळ निवडत बसल्या होत्या. खडे काढता काढता ताटातले दाणे बोटाने सारायला लागल्या. ही ओसरी, हे स्वैपाकघर, हा जिना. वरच्या अंगाला चिमूटभर दाण्यांची ढिगी केली. "हा मंघ." तिकडे घरांच्या छपरावर वारा धरून खाली खोल्यांत सोडणारे मंघ असायचे. मग बोट जिन्याशी आलं आणि तिथेच थांबलं. बराच वेळ. शेवटी त्यांनी तळहाताने सगळे तांदूळ एक केले आणि कुकर लावायला उठल्या.

आणि कॅमेरा सगळा वेळ त्यांच्या चेहऱ्यावर. हात फ्रेमच्या बाहेर. रात्री फुटेज बघताना जीव तुटला रे. दाणे ताटावरून सरकल्याचा आवाज मात्र स्वच्छ आलाय.

कंबोडियाच्या रिथी पान्हचा एस-२१ तुरुंगावरचा माहितीपट आठवतो? २००३चा. तिथल्या ख्मेर रूजच्या क्रूर राजवटीत त्याचे स्वतःचे आईवडील गेले. नॉम पेन्हच्या त्या तुरुंगात, मूळची शाळाच ती, त्याने जुन्या पहारेकऱ्याला पुन्हा उभं केलं. खोली रिकामी, पण तो माणूस नसलेल्या कैद्यांवर खेकसतो, दार लावतो, परत उघडतो. सगळं त्याच्या अंगात मुरलेलं. तेव्हा आपण दोघं कितीतरी वेळ काही बोललो नव्हतो.

तेच डोक्यात घेऊन वाटलं, अम्मांनाही पुन्हा ताट घेऊन बसवावं, वरून कॅमेरा लावावा. मग लाज वाटली. पहारेकऱ्याच्या अंगातून निघाली ती त्याने केलेल्या कर्माची जबानी होती. अम्मांनी काय केलं होतं? जिन्यावर काय झालं ते त्यांना सांगायचं नाही, तर माझ्या एका शॉटसाठी मी त्यांना परत तिथे न्यायचं? नाही नेणार.

उद्या कॅमेरा न घेता जातोय. त्यांनी इगतपुरीचा इंद्रायणी आणायला सांगितलाय, पाच किलो.

तो आवाज काळ्या पडद्यावर तसाच ठेवावा असं मनात आहे, त्या थांबण्यासकट. पण लोकांना तेवढी शांतता पेलेल का, ते तूच सांग. तुझा कान माझ्यापेक्षा तयार आहे. रविवारी ये. हेडफोन आण, माझ्याचा एक कान गेलाय.

तुझाच