दिवस न सापडणारी सत्तापालट

चि. मीरा हिस अनेक आशीर्वाद.

परवा तू फोनवर विचारलेस, की जपानमध्ये लष्कराने सत्ता नेमकी कोणत्या दिवशी बळकावली. मला चटकन उत्तर देता आले नाही, कारण असा दिवस दाखवता येत नाही. १८८९ची राज्यघटना महायुद्धभर कायम होती, संसद भरत होती, आणि १९४२ सालीही निवडणूक झाली.

मला सर्वांत अस्वस्थ करतो तो एक खटला. १५ मे १९३२ रोजी नौदलाच्या तरुण अधिकाऱ्यांनी पंतप्रधान इनुकाई त्सुयोशी यांच्या निवासस्थानी घुसून त्यांना गोळ्या घातल्या. वृद्ध इनुकाई त्यांच्याशी बोलू पाहत होते. पुढे न्यायालयात मारेकऱ्यांना देशभक्तीवर लांबलचक निवेदने करू दिली गेली, वर्तमानपत्रांनी ती छापली आणि त्यांच्यावर दया दाखवावी म्हणून लाखो सह्यांचे अर्ज आले, त्यांतले काही रक्ताने लिहिलेले. एकालाही फाशी झाली नाही. हेतू शुद्ध असला की खूनही क्षम्य, हे सामान्य माणसांनीच मान्य केले होते, आणि माझ्या मते लोकशाहीचा पाया तिथेच खचला. त्यानंतर युद्ध संपेपर्यंत पक्षीय मंत्रिमंडळ आलेच नाही.

फेब्रुवारी १९३६चे सैनिकी बंड मोडले गेले, पण लाभ लष्करालाच झाला. लष्करमंत्री व नौदलमंत्री सेवेत असलेलेच अधिकारी हवेत, हा जुना नियम त्याच वर्षी परत आणला गेला. त्यामुळे लष्कराने मंत्री दिला नाही की मंत्रिमंडळ बनतच नसे. १९३७च्या जानेवारीत पंतप्रधानपदासाठी निवडल्या गेलेल्या उगाकी काझुशिगे यांना, ते स्वतः जनरल राहिलेले असूनही, याच कारणाने माघार घ्यावी लागली.

तरीही खासदार सैतो ताकाओ यांचे नाव तू लक्षात ठेव. फेब्रुवारी १९४०मध्ये, चीनमधील युद्ध तिसऱ्या वर्षात असताना, ‘पवित्र युद्ध’ म्हणून गौरवले जाणारे हे युद्ध नेमके कशासाठी आहे, असे त्यांनी संसदेत विचारले. भाषणाचा बराचसा भाग कामकाजातून वगळण्यात आला आणि मार्चमध्ये त्यांच्याच सहकाऱ्यांनी मतदान करून त्यांना सभागृहातून काढून टाकले. त्याच वर्षी सारे पक्ष विसर्जित झाले. १९४२च्या निवडणुकीत सरकारपुरस्कृत उमेदवारांच्या यादीत सैतो नव्हते. ह्योगो प्रांतातील त्यांच्या मतदारांनी मात्र मतदारसंघातील सर्वाधिक मते देऊन त्यांना परत पाठवले.

तुझी,
आई