निसर्गचित्राचा जन्म पॅरिसचा नव्हे

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीतला इंप्रेशनिस्ट, म्हणजे एकोणिसाव्या शतकात बदलता उजेड टिपणाऱ्या फ्रेंच चित्रकारांवरचा लेख आवडला. त्यांच्यातल्या मोनेविषयी इतक्या सोप्या मराठीत क्वचितच वाचायला मिळते. मात्र युरोपात तोवर निसर्ग हा देवादिकांच्या आणि राजेरजवाड्यांच्या मागचा पडदा होता, त्याला स्वतंत्र मान प्रथम इंप्रेशनिस्टांनी दिला, हे लेखातले विधान काही पटले नाही. पॅरिसच्या सरकारी कला अकादमीपुरते ते थोडेफार खरे म्हणता येईल. फेलिबियाँ या पंडिताने सतराव्या शतकात लावलेल्या चित्रप्रकारांच्या उतरंडीत ऐतिहासिक-पौराणिक चित्रे सर्वांत वर आणि निसर्गचित्र जवळजवळ तळाशी होते. पण पॅरिस म्हणजे युरोप नव्हे.

त्याच सुमारास हॉलंडमध्ये निसर्गचित्रे आणि घरगुती प्रसंगांची चित्रे धडाक्याने विकली जात होती. (त्याच्याही आधी, १५६५ मध्ये, ब्रूगेल या चित्रकाराने अँटवर्पच्या एका व्यापाऱ्यासाठी ऋतूंची चित्रमालिका केली होती, तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे.) कारण सरळ आहे. प्रोटेस्टंट झालेल्या चर्चमधून मूर्ती आणि चित्रे हद्दपार झाली, भिंतींना चुना लागला, आणि चित्रकारांचे सर्वांत मोठे गिऱ्हाईक गेले. त्याची जागा व्यापारी आणि कारागिरांनी घेतली. पीटर मंडी हा इंग्रज प्रवासी १६४० मध्ये ॲमस्टरडॅमला गेला, तेव्हा खाटीक आणि बेकरीवाल्यांच्या दुकानांतही चित्रे टांगलेली पाहून चकित झाला. हा तोच मंडी, जो आधी सुरतेहून आग्र्यापर्यंत फिरला होता आणि ज्याने गुजरातचा भीषण दुष्काळ लिहून ठेवला. अशा गिऱ्हाइकाला परवडावे म्हणून यान व्हान खोयेनसारखा चित्रकार पातळ, मातकट रंगांत झपाट्याने चित्रे उरकत असे. त्याच्या कित्येक चित्रांत रंगाखालच्या फळीच्या लाकडाच्या रेषा दिसतात. पैसा त्याला टिकवता आला नाही. ट्यूलिपच्या कंदांच्या सट्ट्यात हात पोळले आणि १६५६ मध्ये तो वारला तो कर्जबाजारी अवस्थेतच.

लेखासोबत तुम्ही राउसडाल या त्याच शतकातल्या डच चित्रकाराचे हॉलंडमधल्या हार्लेम शहराचे चित्र छापलेत, याबद्दल आभार. पण ते आडव्या पट्टीत बसवण्यासाठी वरून कापले आहे! मूळ चित्र जेमतेम दोन फूट रुंद आणि जवळजवळ चौकोनी. त्याचा सुमारे दोनतृतीयांश भाग निव्वळ आभाळ आहे. ढगांतून उतरलेला उजेड खाली एका हिरवळीवर पडतो, तिथे पांढऱ्या कापडाचे लांबच लांब पट्टे वाळत घातले आहेत. हे लिननचे, म्हणजे जवसाच्या धाग्याचे कापड. लांबलांबून ते हार्लेमला शुभ्र करण्यासाठी येई. क्षाराच्या पाण्यात आणि ताकात भिजवून उन्हात पसरत. म्हणजे चित्रातला उजेड नुसता सुंदर नाही, तो त्या गावाच्या धंद्याचा भाग आहे. आभाळच कापल्यावर वाचकाला यातले काय कळणार?

आणखी एक मुद्दा. आपल्याकडे निसर्गचित्र म्हटले की वाई-मेणवलीच्या घाटावर बसून जागेवरच केलेले जलरंगातले काम डोळ्यांसमोर येते. मीही वर्षानुवर्षे विद्यार्थ्यांना तेच करायला लावले. त्यामुळे डच चित्रकारांनीही समोर दिसले तसेच उतरवले असा समज होतो. त्यांनी जागेवर केली ती रेखाटने, रंगकाम स्टुडिओत. राउसडालच्या ज्यूंच्या दफनभूमीच्या चित्रात ॲमस्टरडॅमजवळच्या खऱ्याखुऱ्या कबरी ओळखू येतात, त्यांची रेखाटनेही उपलब्ध आहेत. पण शेजारचा खळाळता ओढा आणि पडकी इमारत त्याने स्वतःच्या मनाने तिथे आणून ठेवली. घरगुती चित्रांचेही तेच. यान स्टेन या डच चित्रकाराच्या चित्रात पोरे दंगा करतात, भांडी लवंडलेली असतात, घरधनी झिंगलेला असतो. आजही डच माणूस पसारा पडलेल्या घराला 'यान स्टेनचे घर' म्हणतो. ते कुठल्या एका घराचे जसेच्या तसे चित्र नव्हे, रचलेला फार्स आहे. स्टेनने स्वतः दारूचा गुत्ता चालवला होता, तेव्हा मालमसाला मात्र त्याला घरबसल्या मिळत असावा.

इंप्रेशनिस्टांचे मोठेपण मला नाकारायचे नाही. उघड्यावर बसून तैलरंगात चित्र पुरे करण्याचा आग्रह त्यांनी नेटाने चालवला, आणि १८४१ मध्ये निघालेल्या रंगाच्या कथिली ट्यूबमुळे ते सोयीचेही झाले. पण हा डच वारसा त्यांच्या पिढीला चांगला ठाऊक होता. विस्मृतीत गेलेल्या व्हर्मीर या डच चित्रकाराला १८६६ मध्ये पुन्हा प्रकाशात आणणारा टीकाकार तोरे फ्रेंचच होता. खुद्द मोने १८७१ मध्ये हॉलंडमधल्या झानडाम गावी काही महिने राहिला आणि तिथल्या पवनचक्क्या, होड्या, कालवे रंगवत बसला. इंप्रेशनिस्टांचे पॅरिसमधले ते गाजलेले पहिले प्रदर्शन १८७४ चे, म्हणजे त्यानंतरचे.

पुरवणीतली ही लेखमाला पुढे चालणार असल्यास एक लेख डच चित्रकारांवर यावा, आणि त्यासोबतची चित्रे न कापता छापावीत, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त कलाशिक्षक, सातारा