भाव कुठला, कशाचा आणि कोणत्या मापाचा?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

युरोपात लेट्यूसचे (सॅलडसाठी कच्ची खाल्ली जाणारी पालेभाजी) भाव अमुक टक्क्यांनी चढले किंवा कोसळले, अशा बातम्या अर्थविषयक पानांवर अधूनमधून येतात. त्यांत टक्केवारी ठळक असते. पण तो भाव शेताच्या बांधावरचा, घाऊक बाजारातला की दुकानातला, किलोचा की नगाचा, माल स्पेनचा की जर्मनीचा, हे क्वचितच सांगितलेले असते. एवढे सांगितले नाही तर ती टक्केवारी वाचकाला भलताच अर्थ देते.

आधी मापाचे पाहू. आइसबर्ग हा कोबीसारख्या घट्ट गड्ड्याचा लेट्यूस बहुतेक ठिकाणी नगावर विकला जातो, तर आयात-निर्यातीची सरकारी आकडेवारी वजनावर असते. समजा, गड्डा 500 ग्रॅमचा आहे आणि नगाला 1 युरो पडतो. म्हणजे किलोला 2 युरो. थंडीने वाढ खुंटून गड्डा 350 ग्रॅमचाच भरला आणि नगाचा दर तोच राहिला, तर किलोचा दर 2.86 युरो निघतो. ग्राहकाने एक सेंटही जास्त दिलेला नाही, पण तक्त्यात 43 टक्के भाववाढ उमटते. शिवाय सीमाशुल्काच्या 0705 या क्रमांकाखाली लेट्यूस आणि चिकोरी ही दुसरी पालेभाजी एकत्र येतात. बेल्जियम आणि उत्तर फ्रान्समधली विटलूफ चिकोरी वेगळ्याच पद्धतीने होते. तिची मुळे शरदात काढून शीतगृहात साठवतात आणि लागतील तशी अंधाऱ्या खोलीत पाण्यावर तीनेक आठवडे ठेवून त्यांना कोंब आणतात. तिचे गणित पावसापेक्षा विजेच्या दराशी बांधलेले असते. या दोघींची सरासरी काढून हाती काहीच लागत नाही.

हंगामाचे गणित याहून महत्त्वाचे आहे. साधारण नोव्हेंबर ते एप्रिल युरोपाचा सॅलडच्या पानांचा पुरवठा मुख्यत्वे स्पेनच्या आग्नेय कोपऱ्यातून, म्हणजे मुर्सिया आणि अल्मेरियातून होतो. उन्हाळ्यात जर्मनी, नेदरलँड्स, बेल्जियम, ब्रिटन आपापला उघड्या शेतातला माल आणतात. एकाचा हंगाम संपून दुसऱ्याचा लागतो त्या ऑक्टोबर-नोव्हेंबर आणि एप्रिल-मे या सांध्यांवर भाव सर्वांत अस्थिर असतात. उत्तरेत पिके गोठवणारे दव लवकर पडले आणि दक्षिणेत पहिली तोडणी आठवडाभर लांबली, की मधल्या दिवसांत माल नसतो. दोन्हीकडचा माल एकदम आला, की त्याला उठाव नसतो.

मुर्सियात रोपे टप्प्याटप्प्याने, दर आठवड्याला लावतात. सप्टेंबरातले रोप सुमारे दोन महिन्यांत तयार होते. ऑक्टोबर-नोव्हेंबरातले तीन महिने किंवा त्याहून जास्त घेते. जानेवारीत ऊब आली, तर दोन-तीन आठवड्यांच्या लागवडी एकदमच काढणीला येतात. तयार गड्डा शेतात थांबत नाही. तो फुटतो किंवा त्यातून फुलोऱ्याचा दांडा वर येतो. आवक वाढून भाव पडतात. पण हा माल पुढच्या आठवड्यांच्या वाट्याचा असतो, म्हणून त्यानंतर टंचाई येते आणि भाव उसळतात. मंदी आणि तेजी या दोन वेगळ्या बातम्या म्हणून छापल्या जातात. मुळात ती एकच घटना असते.

2017 चे उदाहरण पाहा. डिसेंबर 2016 मध्ये मुर्सियात अतिवृष्टीने शेतांत पाणी साचले, जानेवारीत थंडीची लाट आणि बर्फ. उभे पीक गेलेच. शिवाय पाणी साचल्याने नवी रोपे वेळेवर लावता आली नाहीत. म्हणून हवा निवळल्यावरही तुटवडा संपला नाही. फेब्रुवारीत ब्रिटनमध्ये टेस्को या सुपरमार्केट साखळीने एका ग्राहकाला तीनच आइसबर्ग देण्याची मर्यादा घातली आणि अमेरिकेतून विमानाने लेट्यूस आणावा लागला. त्या दिवसांत हवामानाच्या बातमीबरोबर ‘किती लागवड राहिली’ हे कोणी विचारले असते, तर टंचाई किती आठवडे टिकणार याचा अंदाज आधीच बांधता आला असता.

आता बांधावरचा भाव. तोडणी, क्रेट, गारवा आणि वाहतूक यांचा खर्च बाजार चढो वा पडो, जवळजवळ तेवढाच राहतो. गणितापुरते धरू: 10 नगांचा क्रेट घाऊक बाजारात 8 युरोला गेला आणि हे खर्च 5 युरो झाले, तर शेतकऱ्याकडे 3 युरो उरतात. घाऊक भाव 6 युरोंवर आला, म्हणजे 25 टक्क्यांनी उतरला, तर त्याच्या हाती 1 युरो राहतो. त्याची घट 67 टक्क्यांची. आणखी उतरला तर तोडणीचीही मजुरी निघत नाही आणि पीक जागीच नांगरून टाकतात. घाऊक भाव एका पातळीखाली फार काळ राहत नाही, याचे एक कारण हेच आहे. ती स्थिरता शेतकऱ्याच्या नुकसानीतून आलेली असते, आणि बातमीत ती कधीच दिसत नाही.

आणखी एक गोष्ट सुटते. सुपरमार्केटच्या साखळ्यांचा बराच माल हंगामाआधीच ठरलेल्या दरांच्या करारांतून जातो. खुल्या बाजारात येतो तो उरलेला माल. टंचाईत करार आधी पुरे करावे लागतात, म्हणून खुल्या बाजारातला थोडा माल भलताच महागतो. मुबलकतेत सगळा जादा माल तिथेच ओतला जातो. त्या भावावरून अख्ख्या व्यापाराचे उत्पन्न मोजणे चूक आहे.

एकाच दिवशी एकाच मालाचे दोन भाव का निघतात, हे वाटेत ठरते. तोडणीनंतर गड्डे निर्वात कक्षात गार करतात. हवेचा दाब सुमारे 6 मिलिबारवर आणला की पाणी 0 अंशालाच उकळते आणि पानांतल्या ओलाव्याची वाफ होऊन गड्डा 20 ते 30 मिनिटांत आतपर्यंत गार होतो. दर 6 अंश उतरताना सुमारे 1 टक्का वजन जाते. 0 अंशाला तीन आठवडे टिकणारा माल 5 अंशाला जेमतेम दोन आठवडे टिकतो, आणि शून्याच्या जरा खाली गेला तर गोठून काळवंडतो. मुर्सियाहून उत्तर जर्मनी दोन हजार किलोमीटरच्या पुढे आहे. युरोपीय नियमाने चालकाला दिवसाला 9 तास (आठवड्यातून दोनदा 10) गाडी चालवता येते आणि साडेचार तासांनंतर 45 मिनिटांची विश्रांती घ्यावी लागते. एकटा चालक साधारण तीन दिवस घेतो. त्याच ट्रकमध्ये सफरचंदे असली, तर त्यांतून निघणाऱ्या इथिलीन वायूने पानांच्या शिरांवर तपकिरी ठिपके उठतात. आतल्या पानांच्या कडा कॅल्शियम न पोहोचल्याने करपलेल्या असतील, तर ते बाहेरून दिसतही नाही. गड्डा कापल्यावरच कळते आणि वक्कल (मालाची अख्खी खेप) नाकारले जाते.

आठवड्याच्या या चढउताराखाली खर्चाची संथ चढण वेगळीच चालू आहे. स्पेनचे किमान वेतन 2018 मध्ये महिना 735.90 युरो होते, 2019 मध्ये 900 आणि 2025 मध्ये 1,184 युरो झाले (वर्षाला 14 हप्ते). एकदाच वापरायच्या वेष्टनातल्या, पुनर्प्रक्रिया न केलेल्या प्लॅस्टिकवर तिथे 2023 पासून किलोला 0.45 युरो कर आहे. 1979 पासून तागूस नदीचे पाणी मुर्सियाकडच्या सेगुरा नदीच्या खोऱ्यात आणणाऱ्या कालव्याच्या पाण्यावर निर्बंध वाढत आहेत, आणि मुर्सियाच्या किनाऱ्यावरील मार मेनोर खाजणातील नायट्रेटमुळे त्यालगतच्या काम्पो दे कार्ताहेना या शेतीपट्ट्यात खतांवरही. भाव चढले म्हणून शेतकरी सुखावला असे लिहिण्याआधी हे आकडे शेजारी ठेवायला हवेत.

म्हणून विनंती अशी की, अशा बातमीत निदान एवढे छापावे: ‘मुर्सिया, शेतावर, 10 नगांचा क्रेट, सरासरी गड्डा इतक्या ग्रॅमचा, वर्षातला इतकावा आठवडा’. आणि तुलना गेल्या आठवड्याशी न करता मागील पाच वर्षांतल्या त्याच आठवड्याच्या सरासरीशी करावी.

आपला,
भाजीपाला व्यापाराचा एक अभ्यासक