उत्तरसूचीत बाकीचाही हिशेब द्या

महोदय,

शिष्यवृत्ती परीक्षेच्या तयारीसाठी वृत्तपत्रांतून सराव प्रश्नसंच छापले जातात. शिकवणीची सोय नसलेल्या मुलांना त्यांचा मोठा आधार असतो. मात्र उत्तरसूचीत अनेकदा नुसता पर्याय क्रमांक असतो. भागाकाराच्या शाब्दिक उदाहरणांत तेवढ्याने भागत नाही, कारण आकडेमोड बरोबर येऊनही मुले उरलेल्या बाकीपाशी चुकतात.

सहलीला १३७ जण निघाले, एका बसमध्ये ४५ जण बसतात. १३७ ÷ ४५ केले की भागाकार ३, बाकी २. मुले ३ लिहून मोकळी होतात. पण त्या दोघांनाही बस लागतेच, म्हणून उत्तर ४. याउलट १३७ सेंमी फितीचे ४५ सेंमीचे किती तुकडे होतील, असे विचारले तर उत्तर ३च. उरलेले २ सेंमी तुकड्यात धरता येत नाहीत. आणि आज सोमवार असेल तर १०० दिवसांनी कोणता वार? १०० ÷ ७, भागाकार १४, बाकी २. इथे १४ चा उपयोगच नाही. सोमवारपुढे दोन वार मोजले की बुधवार. म्हणून भागाकार झाला की मुलाला विचारावे, उरले ते काय आहे? माणसे, सेंटीमीटर की दिवस?

'वाटले' शब्द दिसला की भागाकार करा, ही शिकवण तर सोडूनच द्यावी. २४ मुलांना प्रत्येकी ६ लाडू वाटले, तर एकूण लाडू किती, इथे गुणाकारच करावा लागतो. 'जास्तीत जास्त' या शब्दांचेही तसेच. ८४ लाडू आणि ६० करंज्यांची एकसारखी जास्तीत जास्त पाकिटे करायची, तर काही मुले मोठी संख्या हवी म्हणून लसावि काढतात आणि ४२० लिहितात. ८४ लाडवांची ४२० पाकिटे होतील कशी? हवा मसावि, म्हणजे १२. प्रत्येक पाकिटात ७ लाडू, ५ करंज्या.

शून्यही असेच दगा देते. ५ लिटर तेल ३०० मिलिच्या बाटल्यांत भरताना ५००० ÷ ३०० मधली दोन-दोन शून्ये खोडून ५० ÷ ३ केले, तर १६ बाटल्या बरोबर येतात, पण बाकी २ नव्हे, २०० मिलि. २४३६ ÷ १२ मध्ये २४ ला भाग गेला, ३ खाली घेतला, त्यात १२ जात नाहीत. इथे भागाकारात ० लिहायचे राहते, मूल लगेच ६ उतरवते आणि २०३ ऐवजी २३ येतात. आधी २४०० ÷ १२ = २०० असा अंदाज घेतला की ही चूक लगेच दिसते. पक्का ताळा मात्र एकच: भाजक × भागाकार + बाकी = भाज्य.

विभाज्यतेच्या कसोट्या बहुतेकांना पाठ असतात, पण १२ साठी ३ आणि ४ च्या कसोट्या का, २ आणि ६ च्या का नाहीत, हे क्वचितच सांगितले जाते. १८ ला २ नेही भाग जातो, ६ नेही. १२ ने जात नाही. ६ मध्ये २ आधीच आहे, त्यामुळे २ ची कसोटी नवे काहीच तपासत नाही.

तेव्हा यापुढे उत्तरसूचीत पर्याय क्रमांकाशेजारी 'बाकी २, म्हणून एक बस जास्त' एवढे तरी छापावे, ही विनंती.

– प्राथमिक शाळेतील गणिताचे शिक्षक