दुधासाठी गाडी

प्लेनो, टेक्सस
रविवार

प्रिय बंड्या,

तुझ्या टाउनशिपचं माहितीपत्रक पोचलं. ते वाचल्यावर मी काय केलं असेल? 'दी एंड ऑफ सबर्बिया' हा अमेरिकन उपनगरांवरचा माहितीपट पुन्हा लावला. आठवतंय, होस्टेलवर तूच कुठूनतरी ती सीडी पैदा केली होतीस? त्यात तो टकलू लेखक जेम्स हॉवर्ड कुन्स्लर ठणकावत होता की अमेरिकेची उपनगरं म्हणजे जगाच्या इतिहासातली साधनसंपत्तीची सगळ्यात मोठी नासाडी. आपण टाळ्या पिटल्या, आणि दुसऱ्या दिवशी निम्मे जण अमेरिकेला शिकायला जायचं म्हणून जीआरई परीक्षेचे शब्द घोकायला बसले. त्यात मीही.

तेलाबाबत मात्र सिनेमा साफ आपटला. हबर्ट नावाच्या भूगर्भशास्त्रज्ञाने १९५६ साली सांगितलं होतं तसं अमेरिकेचं तेल १९७० मध्ये शिखराला पोचून उतरू लागलं, म्हणजे आता जगाची पाळी, असा २००४च्या त्या सिनेमाचा हिशेब. २००८च्या जुलैत तेलाचं पिंप १४७ डॉलरवर गेलं तेव्हा मलाही वाटलं, झालं, गाशा गुंडाळा. पण इथल्या लोकांनी खडक फोडून तेल काढलं, आणि २०१८ मध्ये १९७०चा आकडाही मागे पडला. कुन्स्लर गड्याने भविष्य सांगायच्या नादी लागायलाच नको होतं. २००६च्या 'रेडियंट सिटी' या माहितीपटातही तो आहे, कॅनडातल्या कॅल्गरीच्या उपनगरावरच्या. त्यात ज्या कुटुंबाचे हाल बघून मी हळहळलो, ते नट निघाले! भयंकर चिडलो होतो.

पण रस्त्याबद्दल तो बोलतो ना, तिथे मी गप्प होतो. दुकान आमच्यापासून जेमतेम दीड किलोमीटर. राहायचा भाग वेगळा, दुकानांचा वेगळा, असं नियमानेच आखलेलं; मधे सहा पदरी रस्ता. फूटपाथ वसाहतीच्या कमानीपाशी संपतो, पुढे नुसतं गवत. आई आली होती तेव्हा एकदा कोथिंबीर आणायला चालत निघाली. एका बाईने गाडी थांबवून काळजीने विचारलं, गाडी बंद पडली का? आई तशीच परत आली. म्हणाली, "अरे, इथे पायी दिसला की माणूस संकटातच असणार, असं धरतात." कुन्स्लरला ज्यासाठी सिनेमे लागले, ते आईने एका जुडीत उरकलं. मी मात्र अजून दुधासाठी गाडी काढतो.

तर तुझं माहितीपत्रक. 'एक्सप्रेस वे फक्त सात मिनिटांवर.' कुठल्या वाहनाने, ते लिहिलेलं नाही. क्लब आहे, पोहण्याचा तलाव आहे. वाणी, पिठाची गिरणी, भाजीवाली यांचा पत्ता नाही. काकू आता गाडी शिकणार आहेत का?

टोकन द्यायच्या आधी एक कर. गाडी गेटपाशी लाव आणि तिथून सगळ्यात जवळच्या वाण्याकडे काकूंना घेऊन चालत जा. दुपारी नको, ऊन आहे. किती मिनिटं लागली ते कळव, आणि काकू काय म्हणाल्या तेही. शब्द न बदलता.

तुझा,
शिऱ्या