दसऱ्याच्या आत

किल्ले धारूर,
सर्वपित्रीच्या आदल्या रात्री

लेका,

चार महिने गप्प होतो, तुझ्या शिव्या पोचल्या. गुडघा बरा आहे. पण आज ऊसतोडीचा मुकादम येऊन गेला आणि हे तुलाच कळेल. आपल्या सिनेमाचे दोन्ही मुख्य नट उचल, म्हणजे तोडीचे आगाऊ पैसे, घेऊन बसलेत. दसरा झाला की गाडी भरणार, माघारी गुढीपाडव्याच्या आगेमागे. थांबा म्हणायची सोय नाही. तोडीत एक कोयता म्हणजे नवरा-बायको, एक थांबला तर खाड्याचा दंड जोडीच्या माथी.

सीन उरलेत ११, त्यातले ७ शेतातले. सोयाबीन पिवळं पडलंय, आठ-दहा दिवसांत काढणी. पाडव्याला त्याच बांधावर नुसती ढेकळं दिसतील. एकजण पिवळ्या रानात बोलतोय आणि समोरचा ढेकळात, हे कुणी सांधावं? म्हणून पीक दिसतं ते सगळं आधी, लांबचे शॉट सकाळी ९ च्या आत. नवरात्रात आपल्या नटीबाई अनवाणी असतात, आधीच्या शॉटात पायात चपला आहेत. तेव्हा त्यांना कमरेच्या वरच धरायचं. (देवीसुद्धा कंटिन्युइटी बघत नाही.)

घरातले ४ सीन पाडव्याला. पण उसाच्या फडातून आलेला चेहरा रापलेला, हाताला पाचटाचे ओरखडे. मेकअपनं झाकण्यापेक्षा ते सीन कथेतच माघारी आल्यानंतरचे केले. मास्तर चिडलेत. चिडू देत. कपड्यांची गाठोडी न धुता, सीनचा नंबर लावून पेटीत ठेवलीत.

डबिंगचं नाव काढू नकोस, तो वाद बार्शीच्या स्टँडवर संपलाय आणि मीच जिंकलोय. कागद समोर धरला की बाईंचं 'व्हय' लगेच 'होय' होतं. त्यापेक्षा टेक झाला की कॅमेरा बंद, तिथंच, त्याच माइकवर संवाद पुन्हा म्हणून घ्यायचे. शिवाय दर जागेचा मिनिटभर रिकामा आवाज, कुणी न बोलता, नुसता तिथला. गिरणी सुरू व्हायच्या आत.

आणि कृपा करून सेकंदाला २५ फ्रेम असताना कॅमेऱ्याचं शटर १/५० सेकंदावर ठेव. गेल्या वेळी तू १/६० वर ठेवून गेलास, आपल्या ५० हर्ट्झच्या विजेवर ट्यूबलाइटचे पट्टे सगळ्या पंगतीवरून फिरतायत.

वहिनींची बदली झाली का? पोरगी दहावीला ना? बरं.

शनिवारी ये. माइकचं वारा अडवायचं केसाळ टोपडं आण, इथलं उंदरांनी नेलं. पोरं त्याला मुंगूस म्हणतात. हार्ड डिस्क दोन आण, पण दोन्ही एकाच पिशवीत घालू नकोस.

तुझाच